चक्कीवरचे वाचक

मक्तेदारीवर टीका करणाऱ्या माणसाला वाचक मिळणं किती कठीण असतं, हे मला साठी उलटल्यावर कळलं. उमरखेडच्या कॉलेजात मी जन्मभर अर्थशास्त्र शिकवलं. तिथले श्रोते हजेरीसाठी बसायचे, तरी आपण लोकप्रिय आहोत असा माझा गोड गैरसमज होता. निवृत्त झाल्यावर जिल्ह्याच्या एका दैनिकात दर रविवारी सदर लिहायला घेतलं. विषय एकच, आजची भांडवलशाही. मूठभर कंपन्या बाजार कसा ताब्यात घेतात, भाव कसा ठरवतात आणि आपल्याला नको असलेली वस्तू हवीशी कशी करतात, हे सगळं मला सांगायचं होतं. संपादक म्हणाले, "लिहा मॅडम, जागा आहे." जागा होती, हे खरं. वर राशिभविष्य आणि खाली मूळव्याधीच्या औषधाची जाहिरात, त्यांच्या मधली.

आमचं घराणं कचेरीतलं. आजोबा तहसिलीत, वडील जिल्हा परिषदेत, नवरा कोर्टात शिरस्तेदार. निवृत्तीनंतरही मी त्यांना शिरस्तेदारच म्हणते. अशा घरात लिहिणं म्हणजे एक तर अर्ज, नाही तर अर्जावरचा शेरा. शिरस्तेदारांनी माझा पहिला लेख चष्मा लावून शेवटपर्यंत वाचला आणि विचारलं, "पण यात विनंती काय आहे तुझी?"

"विनंती नाही. टीका आहे."

"मग निकाल कसा लागणार?" असं म्हणून त्यांनी वरचं राशिभविष्य वाचायला घेतलं.

चूक त्यांची नव्हती. माझे सुरुवातीचे लेख 'अल्पाधिकार' आणि 'परिणामकारक मागणी' अशा शब्दांनी भरलेले असत. सगळं पालथ्या घड्यावर पाणी. शेवटी एकदा वैतागून मी उदाहरण घराजवळचं घेतलं. लिहिलं, "समजा, एका पेठेत पिठाची चक्की एकच आहे. दळणाला अर्धा दिवस लागला तरी गिऱ्हाईक जाणार कुठे? चक्कीवाला म्हणेल तो भाव आणि तो म्हणेल ती वेळ. ही मक्तेदारीच, फक्त आकारानं लहान." समजा म्हटलं म्हणून काय झालं? आमच्या पेठेत चक्की एकच, आणि ती कुणाची हे शेंबड्या पोरालाही ठाऊक.

चक्कीवाले भाऊ फुलसावंगीकडच्या एका तांड्यातले. त्यांचे पूर्वज बैलांच्या पाठीवर मीठ आणि धान्य लादून मुलुखभर फिरायचे. आता तांड्याला घरची शेती आहे, ती भाऊबंद पाहतात, आणि हे एकटे शहरात येऊन चक्की चालवतात. बोलतात आमच्यासारखंच वऱ्हाडी, पण आईचा फोन आला की 'याडी, याडी' करत त्यांच्या बोलीत शिरतात आणि मग मोटारीच्या आवाजापेक्षा त्यांचाच आवाज मोठा होतो. अंगानं आडवे, मिश्या कायम पांढऱ्या. त्यातल्या किती वयानं आणि किती पिठानं, ते मला आजही सांगता येणार नाही.

लेख रविवारी छापून आला आणि सोमवारी सकाळी घरातलं पीठ संपलं. न जाऊन सांगते कुणाला! डबा घेऊन निघाले. मला दारात पाहताच भाऊंनी खटका ओढून मोटार बंद केली. मोटार बंद झाली की चक्कीवर अशी शांतता पसरते की आपलाच श्वास ऐकू येतो. मला वाटलं, आता बोलणी खायची.

"म्याडम, पेपरातला लेख तुमचाच न?"

"हो भाऊ."

"मंग माह्या चक्कीचा फोटो काहून नाही टाकला?"

बघते तर भिंतीवर, धान्य ओतायच्या चाड्याच्या वर, माझा लेख खळीनं चिकटवलेला. मी प्रामाणिकपणे म्हटलं, "भाऊ, त्यात टीका केली आहे मी तुमच्यावर."

"तं काय झालं? टीका कोनीबी मोठ्याचीच करते. लहान्यावर कोन लिहून राह्यलं?"

त्यांच्या शेजारी पाटावर एक निवृत्त एसटी कंडक्टर बसलेले असत. घरी सून टीव्ही लावू देत नाही म्हणून ते दिवस चक्कीवर काढत. आवाज असा की मागच्या सीटवर घोरणाऱ्या माणसानंही आपलं गाव आलं म्हणून उठून बसावं. त्यांनी उभं राहून माझा लेख मोठ्यानं वाचला. प्रत्येक परिच्छेद संपला की थांबा आल्यासारखे थांबले, सगळे चढले ना म्हणून इकडेतिकडे पाहिलं आणि मग पुढे निघाले. इतकं चांगलं वाचन मी विद्यापीठाच्या चर्चासत्रातही ऐकलं नव्हतं.

तेव्हापासून पायंडा पडला. सोमवारी सकाळी भाऊ मोटार बंद करायचे आणि कंडक्टर लेख वाचायचे. श्रोते मोजकेच असत, कारण आमच्याकडे दळणाची रांग माणसांची नसतेच, डब्यांची असते. डबा ओळीत ठेवला की माणूस मोकळा. माझ्या डब्याच्या झाकणाला तारेची कडी होती, कुणाच्या डब्याला पोचा होता, कुणाचा लग्नात आलेला आणि त्यावर नाव कोरलेला. भाऊ प्रत्येक डबा ओळखायचे. गावातले लोक डबा ठेवून कामाला निघून जात. ज्यांचं घर लांब, म्हणजे आजूबाजूच्या खेड्यांतल्या बाया आणि एखाददुसरा म्हातारा, तेवढे सावलीला थांबत. ते माझे वाचक.

पण वाचक कसले, परीक्षकच. एकदा मी लिहिलं की मोठ्या कंपन्या आपसात भावावरून भांडत नाहीत, त्या जाहिरातीवरून भांडतात. लेख संपताच एक बाई म्हणाली, "खरं हाये. दोन साबन हायेत, जाहिरातीत एकमेकाइले पान्यात पाह्यतात, अन् दुकानात पाह्यलं तं दोन्हीचा भाव एकच. मंग भांडतात कायले?" माझ्या जुन्या पुस्तकातलं एक अख्खं प्रकरण तिनं दळण होईस्तोवर उरकलं होतं. कंडक्टर तर दर सोमवारी वाट अडवायचे. "म्याडम, आमची एसटीबी तं मक्तेदारीच होती न? मंग ते चांगली का वाईट?" या प्रश्नाचं उत्तर द्यायला मला दोन रविवार लागले, आणि त्यानंतरही त्यांनी मान डोलावली नाही ती नाहीच.

चक्कीवर ऊठबस वाढल्यावर मला माझा तो चक्कीवरचा लेखही दुरुस्त करावा लागला. भाऊंना भाव थोडासा वाढवायचा होता, तर महिनाभर पेठेतल्या प्रत्येक बाईला तोंड द्यावं लागलं. एकीनं तर त्यांच्या आईची, याडीची, शपथ घालून विचारलं की वीज खरंच महाग झाली का. मी पुढच्या लेखात लिहिलं, मक्तेदार तो, ज्याचं तोंड गिऱ्हाइकाला कधी दिसत नाही. ज्याला रोज शिव्या खाव्या लागतात तो कसला मक्तेदार! भाऊंना हा लेख अजिबात आवडला नाही. "पयला चांगला होता," म्हणाले. "त्यात मी मोठा होतो." भिंतीवर त्यांनी पहिलाच ठेवला.

माझी भाषा मात्र सुधारली. 'अल्पाधिकार'चं 'चौघं मिळून बाजार वाटून खातात' असं झालं. मी सोमवारची वाट बघायला लागले. खरं सांगते, इतकी वाट मी पगाराच्या तारखेचीही कधी पाहिली नव्हती. आणि एक गोष्ट मनातल्या मनात मला गुदगुल्या करायची. माझे वाचक टिकले होते कशामुळे? चक्की एकच होती, दळणाला वेळ लागत होता, म्हणून. पेठेत दुसरी चक्की निघाली असती तर वाट पाहणं संपलं असतं आणि माझं वाचनही. मक्तेदारीच्या शत्रूला वाचक पुरवले कुणी, तर मक्तेदारीनं. दिव्याखाली अंधार तो हाच. हे मी फक्त शिरस्तेदारांना सांगितलं. ते म्हणाले, "म्हणजे या प्रकरणात तुझाही हितसंबंध आहे. नोंद घेतली."

पोळ्याच्या सुमारास बाजारात एका मोठ्या कंपनीचं तयार पीठ आलं. पाकीट मोठं आणि भाव असा, की गहू घेऊन दळून आणण्यापेक्षाही स्वस्त. वर घट्ट झाकणाची निळी प्लास्टिकची बादली फुकट. फुकट ते पौष्टिक! आठवडाभरात पेठेत जिकडेतिकडे निळ्या बादल्या दिसू लागल्या, आणि एका संध्याकाळी शिरस्तेदारही एक घेऊन आले.

"हे काय?"

"बादली."

"आत काय आहे?"

"पीठ. पण पीठ सोड. झाकण बघ कसं बसतं."

मी कमरेला पदर खोचून त्यांना तिथेच शिकवणी दिली. कंपनी आधी तोटा सोसते, समोरचा लहान माणूस मरेपर्यंत भाव पाडते, आणि तो मेला की मग हवा तसा भाव चढवते. हे मी किती लेखांत लिहिलं आहे! शिरस्तेदारांनी साक्ष ऐकावी तसं सगळं शांतपणे ऐकून घेतलं आणि विचारलं, "बरं. मग बादली परत करायची का?"

मी बादलीकडे पाहिलं. बादली खरोखरच चांगली होती. "आता आणलीच आहे तर राहू द्या," मी म्हटलं.

दिवाळीच्या साफसफाईत पेठेतले जुने डबे भंगारात गेले. माझा तारेच्या कडीचाही गेला. बादली आल्यावर तो गंजका डबा कोण ठेवतो? आणि चक्कीसमोरची रांग आटत आटत नाहीशी झाली. सोमवारी गेलं की भाऊ हातावर हात ठेवून बसलेले आणि मोटार थंड. एका सोमवारी म्हणाले, "म्याडम, वणीचा एक जन मोटार घेतो म्हनते. चंपाषष्ठीच्या आधी येनार हाये टेम्पो घिऊन. मी आता तांड्यात जाऊन राहीन. वावरात भाऊ हायेतच."

मला फार वाईट वाटलं. भाऊंना तांड्यात खायला कमी नव्हतं, पण हा माणूस चक्कीशिवाय उभा कुठे राहणार, हे मला डोळ्यांपुढे आणता येईना. वावरात ते पाहुणे, आणि इथे सगळी पेठ त्यांच्याकडे येणारी. आणि लपवायचं कशाला, मला माझंही वाईट वाटलं. भिंत गेली की माझे लेख पुन्हा राशिभविष्य आणि मूळव्याध यांच्यामध्ये जाऊन पडणार होते.

त्या रागात मी जो लेख लिहिला तो माझा सगळ्यात चांगला लेख. स्वस्त पीठ आज का स्वस्त आहे, उद्या ते महाग का होईल, आणि चक्की गेल्यावर आपण कुणाला जाब विचारणार, हे सगळं अगदी सोप्या शब्दांत. एकही 'अल्पाधिकार' नाही. सोमवारी मोठ्या उत्साहानं चक्कीवर गेले. तिथे भाऊ, कंडक्टर आणि एक शेळी. शेळी दारातली होती, दळणाला आलेली नव्हती. कंडक्टर उठले, घसा खाकरला आणि नेहमीच्याच आवाजात पहिल्या ओळीपासून शेवटच्या ओळीपर्यंत लेख वाचला. शेवटी भाऊ म्हणाले, "लय झकास लिहिलं म्याडम. पन लोकाइनं आयकावा असा लेख तुम्ही एकट्याच आयकून राह्यल्या." आम्ही तिघंही हसलो. भाऊंनी तो लेख भिंतीवर पहिल्या लेखाशेजारी चिकटवला. खळ करण्यापुरतं पीठ चक्कीच्या कोपऱ्यात होतं.

यानंतर जे झालं त्याचं श्रेय अर्थशास्त्राला नाही, शिरस्तेदारांना आहे. मार्गशीर्ष लागला की आमच्याकडे लोक शेतात जाऊन रोडगे करतात. जाडसर, रवाळ दळलेल्या गव्हाचे गोळे गोवऱ्यांच्या आरात भाजायचे, फोडून तुपात बुडवायचे आणि वांग्याच्या भाजीबरोबर हाणायचे. कोर्टातल्या निवृत्त मंडळींचा दर वर्षीचा कार्यक्रम फुलसावंगीच्या रस्त्यावरच्या एका शेतात असतो, आणि पिठाचं खातं शिरस्तेदारांकडे. चक्कीवर जाऊन नुसतं "रोडग्याचं" म्हणायचं, की भाऊ चक्कीचे दगड जरा सैल करून हवं तसं जाड दळून देत. या वर्षी चक्की बंद व्हायला आलेली, म्हणून शिरस्तेदारांनी सरळ पाकिटं उचलली. मला विचारलं नाही. विचारलं असतं तर मी व्याख्यान दिलं असतं, हे त्यांनी नंतर कबूल केलं.

मैद्यासारख्या त्या मऊ पिठाचे रोडगे वरून कोळसा झाले आणि आतून खळ राहिले. रविवारच्या दुपारी अख्खी मंडळी पत्रावळी मांडून भुकेनं बसलेली. एका जुन्या कारकुनांनी रोडगा हातात उलटासुलटा करून पाहिला आणि म्हणाले, "शिरस्तेदारसाहेब, हा साक्षीदार काही फुटत नाही." सगळ्यांनी शेवटी भाजीच खाल्ली. कंडक्टरही पाहुणे म्हणून आले होते. त्यांनी जेवण आटोपायच्या आत फोनवरून ही बातमी अर्ध्या उमरखेडला, त्यांच्या त्या आवाजात, कळवली. चंपाषष्ठी चार दिवसांवर आलेली, घरोघरी भरीत-रोडग्याचा नैवेद्य. प्रत्येक घरातली बाई त्या संध्याकाळी आपल्या पाकिटाकडे संशयानं बघत असणार. त्यातच बादलीची स्कीम त्याच आठवड्यात बंद झाली होती आणि पाकिटाचा भाव चढला होता. चक्की बंद व्हायची वाट पाहण्याइतकाही दम कंपनीला निघाला नाही.

सोमवारी सकाळी शिरस्तेदारांनी स्वतः गहू निवडून निळ्या बादलीत भरले. "जाडसर सांग हं," एवढंच बोलले, तेही जमिनीकडे बघून. मी निघाले. चक्कीच्या गल्लीत वळले आणि थबकले. गल्लीभर निळ्या बादल्या! एकीला लागून एक, सगळ्या सारख्या, आणि प्रत्येक बादलीशेजारी एक माणूस. मोटार घरघरत होती. आनंदानं मी दोन पावलं टाकते न टाकते तोच दिसलं, चक्कीच्या दाराला लागून एक टेम्पो उभा होता. वणीचा. आणि त्याच क्षणी मोटार बंद झाली.

एक दिवस उशीर झाला, असंच मनात आलं. बादली कडेवर घेऊन मी गर्दीतून वाट काढत दारापर्यंत गेले. आत काही दिसेना. पुढे उभ्या असलेल्या एका बाईला मी विचारलं, "काय हो, मोटार काढली का?" ती कुठल्याशा खेड्यातली होती, तिला मी कधी पाहिलं नव्हतं. तिनं वळूनही बघितलं नाही.

"ओ बाई, जरा गप राहा न! लेख चालू हाये."

आतून कंडक्टरांचा आवाज येत होता. शेळीसमोर वाचलेला तोच माझा लेख. सगळी गल्ली ऐकत होती. जिथे मी हसू येईल असं लिहिलं होतं तिथे लोक हसले, आणि जिथे मला वाटलंही नव्हतं तिथेही हसले. 'उद्या भाव चढवला तर जाब कुणाला विचारणार' या ओळीवर एक म्हातारा मोठ्यानं म्हणाला, "चढवला न बापा, चढवला!" माझे डोळे भरून आले. आयुष्यात मला इतका आनंद क्वचितच झाला असेल, आणि तो मला बादली कडेवर घेऊन, तोंड मिटून, उभ्यानं घ्यावा लागला.

लेख संपल्यावर भाऊंचा आवाज आला. ते टेम्पोवाल्याला सांगत होते, "चालती मोटार कशी देऊ भाऊ? चहा घ्या अन् जा. रोडग्याचं थोडं पीठ देऊ काय घरी न्याले?" खटका पडला, पट्टा फिरला आणि मोटार सुरू झाली. टेम्पो मागे मागे जात गल्लीबाहेर पडला.

मी नेहमीप्रमाणे बादली ओळीत ठेवली आणि निघाले, तर भाऊंनी आतूनच हाक मारली. "म्याडम, बादली ठिऊन जाता येत नाही आता. साऱ्याइच्या सारख्याच हायेत. सकाळीच दोघीइची अदलाबदल झाली, एकीच्या ज्वारीत दुसरीचे गहू गेले. म्हनून तं साऱ्याइले उभं केलं." म्हणजे कंपनीनं एकसारख्या बादल्या वाटल्या आणि त्या राखायला आता सगळ्या गावाला चक्कीवर थांबणं भाग होतं. भिंतीवरच्या लेखांना याहून मोठी मदत कुणी केली नसती.

मी रांगेत उभी राहिले. मघाची ती बाई आता माझ्या पुढे होती. राग विसरून ती माझ्याशी बोलायला लागली. "लिहिते मात्र चांगलं ते बाई," ती म्हणाली. "पन चक्कीवर कधी अशी उभी राह्यली नसन."

पुढची बादली सरकली तशी मीही माझी सरकवली.